साहेबांनी लिहिलेलं विशेषण

बसच्या रांगेत कुमुदिनीबाईंच्या पुढे एका लग्नाच्या मुलीचे आईवडील उभे होते. स्थळाची चौकशी त्यांनी थेट मुलाच्या ग्वाल्हेरच्या साहेबांकडे केलेली; साहेबांच्या इंग्रजी उत्तरातल्या एका शब्दापाशी घोडं अडलं होतं.

"कॉजिटॅबंड. डिक्शनरीत बघितलं. विचारात बुडालेला. फार कमी वापरतात म्हणे."

"काय, डोकं?"

"अगं, शब्द! तारीफ केलीय त्यांनी."

"खाक तारीफ! घासलेट आणायला पाठवलं, तर हा वाटेतल्या छत्रीबागेतच सोचत उभा राहील. मग नकार कळवायचा ना?"

कुमुदिनीबाईंनीही कान टवकारले. वडील आभाळाकडे बघत उभे राहिले.

"अहो! बस गेली की आपली!"

"अं? मी जरा विचार करत होतो..."

"होकार कळवा. असल्या माणसाबरोबर वीस वर्षं निघतात. मी काढलीत."