चतुराबाईंनी थांबवलेली लाइन

समारंभाचे अध्यक्ष आणि या कारखान्याचे संस्थापक माननीय खुशालराव भुयार, प्रशिक्षण विभागाचे प्रमुख शाकीब अहमद, ज्यांच्यासाठी आज कॅन्टीनची टेबलं भिंतीला लावली आहेत त्या सत्कारमूर्ती चतुराबाई धर्माळे, त्यांच्यासोबत सकाळच्या एसटीनं तिवस्याहून आलेली सगळी मंडळी, अकोल्याच्या युनिटातून आलेल्या भगिनी, आणि जेवणाचा वास सुटलेला असतानाही खुर्ची न सोडणारे श्रोतेहो,

सूत्रसंचालकांनी मला बोलायला उभं करताना 'थोडक्यात' हा शब्द दोनदा वापरला. त्यांनी मला पूर्वी कुठेतरी ऐकलेलं असावं. मी त्यांना दोष देत नाही.

मी या कारखान्याचा माणूस नव्हे. अमरावतीच्या एका दैनिकाचा वार्ताहर. मग आज इथे माझं काय काम? तर तीन वर्षांपूर्वी खुशालरावांनी नवी मशीनं आणली, त्याची बातमी घ्यायला मी आलो आणि चहा घेता घेता पकडला गेलो. माझं शिक्षण संस्कृतात झालं आहे, हे त्यांना कोणीतरी सांगितलं होतं. मशीनची पुस्तिका इंग्रजीत होती. संस्कृत शिकलेल्या माणसाला मराठी तर येतच असेल, असा त्यांचा भाबडा समज. त्यांनी भाषांतराचं काम माझ्या गळ्यात घातलं. त्या पुस्तिकेचं काय झालं ते पुढे सांगतो. माझी इच्छा नाही, पण त्याशिवाय गोष्ट पुरी होत नाही.

तिवस्याच्या पाहुण्यांसाठी आधी थोडं सांगू द्या. शेतातल्या पंपाच्या स्टार्टरमध्ये एक हिरवी पाटी असते. तो सर्किट बोर्ड. तो इथे बनतो. पाटीवर मोहरीएवढे पुर्जे बसवायचे आणि प्रत्येकाचा पाय वितळलेल्या धातूनं पाटीला चिकटवायचा. इंजिनिअर त्याला सोल्डरिंग म्हणतात, इथल्या बायका टाका म्हणतात. एक टाका कच्चा राहिला की कुठल्यातरी संत्र्याच्या बागेत पंप गप्प बसतो, आणि बागवाला गप्प बसत नाही.

चतुराबाई अठ्ठावीस वर्षं टाके मारत होत्या. एका लांब बाकावर अकरा बायका, प्रत्येकीच्या हातात तापलेली गन. त्या बाकाची एक रीत होती. शेजारणीच्या बोर्डात कच्चा टाका दिसला, तर आपल्या गननं पक्का करायचा आणि बोर्ड पुढे सरकवायचा. नाव घ्यायचं नाही. सुपरवायझरला सांगायचं तर मुळीच नाही. एखादीच्या घरी लेकरू तापानं पडलं असेल तर तिचे टाके त्या दिवशी कच्चे यायचे. संध्याकाळपर्यंत ते सगळे पक्के झालेले असायचे, आणि वहीत तो दिवस बाकीच्या दिवसांसारखाच उतरायचा. निष्काम कर्म मी पुस्तकात वाचलं होतं. त्याला सोल्डरचा वास येतो, हे मला इथे समजलं.

मग नवी लाइन आली. जाळीतून टाक्याच्या धातूची पेस्ट लावणारं मशीन, पुर्जे बसवणारं मशीन, भाजून काढणारी भट्टी आणि सगळ्यात शेवटी कॅमेरा. कॅमेऱ्यापाशी बसणाऱ्या बाईनं टाका मारायचा नाही. टाका पाहायचा आणि चूक लाइनीवर कुठून येते ते सांगायचं. एकाच जागी तीच चूक तीनदा आली, तर लाल बटण दाबून सगळी लाइन थांबवायची.

खुशालरावांनी तेव्हा एक गोष्ट चांगली केली. त्यांच्यासमोर त्यांचं कौतुक करताना जीभ जड होते, पण केली. कोणाला घरी पाठवलं नाही. म्हणाले, सगळ्यांना शिकवू. सहा आठवडे शिक्षण, मग परीक्षा. नापास झालं तर पंधरा दिवसांनी एक संधी, आणि तिथेही जमलं नाही तर निवृत्तीपर्यंत पॅकिंग. म्हणजे खोक्यांवर स्टिकर लावणं. पॅकिंगचं काम काही हलकं नाही, असं ते त्या वेळी म्हणाले. इतक्या वेळा म्हणाले की सगळ्यांना काय समजायचं ते समजलं.

शिकवायला आले शाकीब सर. अकोल्याचे, वय अठ्ठावीस. म्हणजे ते जन्मले त्याच सुमाराला चतुराबाई पहिला टाका मारत होत्या. हातात त्यांच्या माझी पुस्तिका. तिच्यात सोल्डरला मी 'धातुसंधान' म्हटलं होतं आणि कॅमेऱ्याला 'दोषावलोकन यंत्र'. चौऱ्याऐंशी पानं. आठवड्याभरानं मी विचारपूस करायला आलो, तर चतुराबाईंनी मला शांतपणे विचारलं, "भाऊ, हे कोनासाठी लिवलं तुमी?" मी म्हणालो, तुमच्यासाठीच. त्या म्हणाल्या, "मंग आमाले इचारलं कावून नाई?"

मी पुस्तिका परत घेतली आणि त्यांच्या बाकावर बसून, त्या सांगतील त्या शब्दांत पुन्हा लिहायला घेतली. आता ती एकवीस पानांची आहे. उरलेल्या त्रेसष्ट पानांत काय होतं, हे मलाही आठवत नाही.

आता परीक्षा. शाकीब सरांनी दोन रविवार खर्चून प्रत्येकीसाठी दहा-दहा बोर्ड मुद्दाम बिघडवले होते. कुठे टाका कच्चा, कुठे पुर्जा उलटा, कुठे दोन पाय एकमेकांना चिकटलेले. बायकांनी एकेक बोर्ड पाहायचा आणि चूक कागदावर लिहायची. चतुराबाई सगळ्यांच्या आधी उठल्या. कागदावर दहाच्या दहा ओळींत एकच शब्द होता: ठीक.

शाकीब सरांना वाटलं, बाईंना काहीच दिसलं नाही. त्यांनी भिंग घेऊन बोर्ड तपासले. दहाही बोर्ड ठणठणीत. बाकावरची गन काढून ठेवायचं राहिलं होतं, आणि चतुराबाईंनी परीक्षा म्हणून दिलेल्या सगळ्या चुका दुरुस्त करून परत दिल्या होत्या. टाके असे की कुठली जागा बिघडवली होती ते खुद्द बिघडवणाऱ्याला सापडेना.

गुण पडले शून्य.

खुशालरावांच्या केबिनमध्ये मी पुस्तिकेची पानं घेऊन बसलो होतो, तिथे हे दोघे आले. चतुराबाई चिडल्या नव्हत्या, चक्रावल्या होत्या. त्यांनी विचारलं, "बोर्ड तं मी ठीक करून देल्ले. मंग नापास कायची?"

शाकीब सर म्हणाले, "मावशी, ठीक कराले नाई सांगतलं होतं. दाखवाले सांगतलं होतं."

"दाखवून कोनाचं भलं झालं आजवर?"

खुशालरावांनी खिडकीकडे तोंड फिरवलं. ते हसत होते की आणखी काही, ते मी लिहून घेतलेलं नाही. पण वळल्यावर ते इतकंच म्हणाले की नियम सगळ्यांना सारखा. पंधरा दिवस.

ते पंधरा दिवस सोपे नव्हते. शाकीब सरांनी त्यांची गन काढून घेतली. चूक दिसली की बाईंचा उजवा हात आपोआप बाजूला जायचा आणि रिकामाच परत यायचा. सर समजावून सांगायचे की माणूस चुकतो तेव्हा एखादा बोर्ड बिघडतो, पण मशीन चुकलं की दिवसभर तीच चूक इमानेइतबारे करत राहतं. तुम्ही गुपचूप दुरुस्त करत बसलात तर मूळ तसंच राहील. बाई ऐकून घ्यायच्या. पटलं का, असं विचारलं तर म्हणायच्या की पटलं, पण हाताले कोन सांगल?

दुसरी परीक्षा चालू लाइनीवर होती. कॅमेऱ्यापाशी एक तास. मागे शाकीब सर घड्याळ घेऊन, कोपऱ्यात मी. वीसेक मिनिटं सुरळीत गेली. मग पडद्यावर एका पायाभोवती लाल कडं आलं. उजव्या कोपऱ्यात टाका अपुरा. पुढच्या बोर्डावर तोच कोपरा. तिसऱ्यावरही तोच.

हे कुठून येतं ते चतुराबाईंना पहिल्याच बोर्डाला कळलं होतं. जाळी वेळेवर पुसली नाही की तिची भोकं बुजतात आणि पेस्ट कमी उतरते. आणि जाळीच्या टेबलाशी, ती पुसायला, उभी होती आचल. तुम्ही तिवस्याचे लोक तिला ओळखता, ती चतुराबाईंच्या घरासमोरची. आयटीआय झाल्यावर तिला हाताला धरून इथे आणलं तेही बाईंनीच. लागून तीनच महिने झाले होते, नोकरी अजून कायम व्हायची होती.

तिसरा बोर्ड गेला. बटण दाबायला हवं होतं. चतुराबाईंनी दाबलं नाही. चौथा आला, तोच कोपरा. मी शाकीब सरांकडे पाहिलं. त्यांनी घड्याळाकडे पाहणं सोडून दिलं होतं. पाचवा भट्टीतून बाहेर येत होता. मी आयुष्यात पुष्कळ मतमोजण्या पाहिल्या आहेत, पण एकेक आकडा असा कधी मोजला नव्हता.

चतुराबाईंनी बटण दाबलं.

लाइन थांबली. भट्टीच्या पंख्याचा तेवढा आवाज राहिला. सगळ्यांच्या माना वळल्या. अठ्ठावीस वर्षांत ज्या बाईनं कोणाची चूक ओठांवर येऊ दिली नव्हती, ती उभी राहून म्हणाली, "पेस्ट कमी येऊन राह्यली. उजव्या कोपऱ्यात. चार बोर्ड झाले. जाळी पुसा."

आचलच्या डोळ्यांत पाणी आलं. बाईंनी तिच्याकडे न पाहताच सांगितलं, "रडाचं घरी. आता पूस."

इथे संपलं असतं तर बरं झालं असतं. पण परीक्षेला एक तक्ता होता. त्यात तीन रकाने: चूक कोणती, कुठून आली, आणि तिसरा, उत्तरदायी व्यक्ती. शब्द माझा, आपण ओळखलंच असेल. नव्या पुस्तिकेतही तो कसाबसा टिकून राहिला होता. चतुराबाईंनी दोन रकाने भरले आणि तक्ता सरांपुढे ठेवला.

"मावशी, हा राह्यला."

"राह्यला नाई. सोडला."

"मार्क कटतीन."

"कटू द्या. पोरीचं नाव लिवल्यानं जाळी साफ होते का, शाकीब बाबू?" आणि मग तक्ता त्यांच्याकडे परत सरकवून त्या म्हणाल्या, "नाव लिवाले लावसान तं उद्या कोनी बटन दाबनार नाई. सगळ्याजनी पयल्यासारख्या गुपचूप निस्तरतीन. मंग बसा तुमच्या त्या कॅमेऱ्याकडं पाहत."

शाकीब सरांनी माझ्याकडे पाहिलं. मी पुस्तिकेत काहीतरी महत्त्वाचं वाचत असल्यासारखं केलं.

सरांनी गुण कापले. चौथा बोर्ड जाऊ दिला त्याचे कापले, रिकाम्या रकान्याचेही कापले. मी म्हणालो, अहो, जाऊ द्या की. ते म्हणाले की मावशीला मी फुकट पास केलं तर ती मला माफ करणार नाही. बेरीज केली. पास व्हायला साठ लागत होते, बासष्ट झाले. मग ते उठले, तक्ता घेऊन थेट खुशालरावांच्या केबिनमध्ये गेले आणि अर्ध्या तासानं आले. दुसऱ्या दिवशी नवे तक्ते छापून आले, दोन रकान्यांचे. माझ्या भाषांतराचा शेवटचा अवशेष असा गेला, आणि त्याच्या जाण्यानं कोणालाही दुःख झालं नाही.

गेल्या महिन्यातली गोष्ट सांगतो. मी लाइनीशी उभा होतो. लाल बटण आता प्रत्येक टेबलाशी आहे. त्याचा दिवा लागला, पण कॅमेऱ्यापाशी नव्हे, जाळीच्या टेबलावर. कॅमेऱ्यापर्यंत अजून एकही वाईट बोर्ड पोचला नव्हता. आचल उभी होती. ती म्हणाली, "माह्याकडूनच चूक झाली. जाळी उशिरा पुसली. मागचे पंधरा बोर्ड काढून घ्या." कोणी रागावलं नाही, कोणी वळूनही पाहिलं नाही. दोघीतिघींनी बोर्ड काढले, तिनं जाळी पुसली, लाइन चालू झाली. चतुराबाई कॅमेऱ्यापाशी बसलेल्या होत्या. मी त्यांना म्हटलं, पाहिलं का? त्या म्हणाल्या, "माह्यापेक्षा लवकर दाबलं तिनं. मले चार बोर्ड लागले होते."

मंडळी, आता अकोल्याला ही लाइन बसते आहे. तिथल्या भगिनींनी निरोप धाडला की शिकू, पण शिकवायला चतुराबाई हव्यात. आठवड्यातून दोन दिवस त्या जाणार आहेत. त्यांची अट एकच होती की आधी साहेबांची परीक्षा घ्यायची. त्याप्रमाणे परवा खुशालराव स्वतः दहा बोर्ड घेऊन बसले. त्यांना गुण किती पडले, ते जाहीर करायला मला मनाई आहे. दुसरी संधी पंधरा दिवसांनी आहे, एवढं सांगतो.

मला बोलावलंत त्याबद्दल अध्यक्षांचे, शाकीब सरांचे आणि आयोजकांचे मनापासून आभार. पाच मिनिटांची पंधरा झाली. बोलण्याच्या भरात कोणाची नको ती थट्टा झाली असेल, कोणाचं नाव घ्यायचं सुटलं असेल, वऱ्हाडीचा ठसका माझ्या पुस्तकी जिभेनं बिघडवला असेल, तर उदार मनानं पोटात घाला. आता चतुराबाई बोलणार आहेत. सत्काराला उत्तर देताना काय सांगणार, असं मी मघाशी त्यांना विचारलं. त्या म्हणाल्या, "लय सांगाचं हाय. अठ्ठावीस वर्साचं हाय." तेव्हा सूत्रसंचालकांना माझी नम्र विनंती, त्यांना बोलवताना 'थोडक्यात' हा शब्द एकदाही वापरू नये.

धन्यवाद.