डोक्याचं तेल

(घरामागची पत्र्याची शेड. एक जुनी गाडी पुढची दोन्ही चाकं हवेत धरून स्टँडवर उभी. तिच्याखालून बाहेर आलेले पाय मुलीच्या बापाचे. त्यांचा जन्म कारखान्यात फिटर म्हणून गेला. शेजारी स्टुलावर मुलाचे वडील. त्यांनी जन्मभर बस चालवली आणि बसपेक्षा लांब गोष्टी हाणल्या. सून परवा ह्याच गाडीने माहेरी निघून आली, म्हणून ते तिला न्यायला आले आहेत. ती आत, स्वयंपाकघराच्या खिडकीशी. खिडकी उघडी आहे.)

ड्रायव्हर: तर मी काय म्हणतो व्याही, उतरवा आता गाडी. चहा झाला, पाणी झालं, तुमचा राग बघून झाला. उजेड आहे तोवर सूनबाईंना घेऊन निघतो.

फिटर: गाडी उतरणार नाही.

ड्रायव्हर: नाही म्हणजे?

फिटर: नाही म्हणजे नाही. तो तेराचा पाना द्या.

ड्रायव्हर: मी व्याही आहे तुमचा. हेल्पर नव्हे.

फिटर: हेल्परला मागावा लागला नसता.

ड्रायव्हर: घ्या. आणि दोन्ही बाजू कशाला उचलून ठेवल्यात? एका बाजूला जॅक लावून भागलं असतं.

फिटर: ह्या दांडीने दोन्ही चाकं एकमेकांना बांधलेली असतात. एकच बाजू उचलली की दांडीला पीळ बसतो. मग बोल्ट सुटताना तोंडावर येते. तुम्हाला ठाऊक आहे हे. मुद्दाम विचारताय.

ड्रायव्हर: मला ठाऊक आहेच. तुम्हाला आहे का ते बघत होतो. व्याही, ह्या गाडीला काही झालेलं नाही. मी काय रिकामा माणूस आहे? डेपोत मला काय म्हणायचे माहितीये ना? बिनआवाजी. एकदा माझी बस इतकी शांत चालली, इतकी शांत चालली, की शेवटच्या थांब्यावर एक म्हातारी मला विचारते, ड्रायव्हरदादा, गाडी सुटणार कधी?

फिटर: गेल्या खेपेला सांगितलीत तेव्हा ही म्हातारी मध्येच उतरली होती.

ड्रायव्हर: ती वेगळी. ती सासू, ही सून.

फिटर: माझी पोर परवा आली ती रडत नाही आली, व्याही. रडली असती तर मला कळलं असतं काय करायचं. आली, किल्ली टेबलावर ठेवली आणि म्हणाली, बाबा, ह्या गाडीला आवाज येतो की नाही ते सांगा. बाकी मला काही विचारू नका. परवापासून घरात तेवढं एकच वाक्य आहे.

ड्रायव्हर: आणि तुम्ही काय सांगितलंत?

फिटर: उघडल्याशिवाय मी सांगत नाही. आता उघडतोय. बोल्ट गंजलाय. सरका जरा, उजेड अडवताय.

ड्रायव्हर: गंज नाही तो, गाडीचा रंगच तसा आहे. हे बघा, तिचं काय होतं मी सांगतो. दिवसभर त्या तक्रार केंद्रात हेडफोन लावून बसते. हजार लोक कानात ओरडतात. संध्याकाळी गाडीत बसली की तेच कानात फिरत राहतं. मी स्वतः चालवून, तिला शेजारी बसवून बघितलं ना. एकदा नव्हे, दर वेळी. गतिरोधकावरून नेली, खड्ड्यातून नेली. गाडी काही बोलली नाही. मुलगा मागे बसला होता, तो साक्षीला आहे.

लेक: दर वेळी, आप्पा. बरोबर बोललात.

ड्रायव्हर: सूनबाई, या की बाहेर. आतून कशाला बोलता?

लेक: इथून ऐकू येतंय. माझे कान चांगले आहेत. तसा कागद आहे माझ्याकडे.

फिटर: कसला कागद?

लेक: कानाच्या डॉक्टरचा. तुमच्या जावयांनी नेलं होतं. काचेच्या खोलीत बसवलं, कानात टिटवी वाजवली. ऐकू आलं की बटण दाबा. मी इतकं बटण दाबलं की त्या बाई म्हणाल्या, एवढं तर आम्हालाही ऐकू येत नाही.

फिटर: गाडीला आवाज येतो म्हणाली म्हणून तिला कानाच्या डॉक्टरकडे नेलं?

ड्रायव्हर: काळजीने नेलं हो. आमच्याकडे काळजी जरा जास्तच आहे.

फिटर: सुटला. हा बघा क्लॅम्प. आणि हे त्याच्या आतलं रबर बुश. हातात घ्या.

ड्रायव्हर: नको, हात खराब होतील.

फिटर: घ्या म्हणतो ना.

ड्रायव्हर: हं. जुनं झालंय थोडं. वयोमानाने होतं.

फिटर: वयोमानाने रबर कडक होतं, तडकतं. हे बघा कसं झालंय. फुगून सोललंय, बोटाने लगदा निघतोय. दांडीला मिठी मारून बसायला हवं ते, आणि इथे माझी करंगळी आत-बाहेर फिरतेय. वळणावर गाडी झुकत असणार आणि खड्ड्यात लोखंडावर लोखंड आपटत असणार. पोर रोज पुलाच्या वळणावरून जाते ह्या गाडीने.

लेक: तेच सांगत होते, बाबा. आधी कुरकुर यायची, वळताना. मग खडखड. मी बोलले की चार दिवस बंद. मग परत. मी पुन्हा बोलले की पुन्हा चार दिवस बंद. मी बोलायचं आणि आवाजाने थांबायचं, असं कुठल्या गाडीत होतं?

फिटर: थांब. हे रबर ओलं आहे. तेल आहे ह्याच्यावर.

ड्रायव्हर: इंजिनचं असेल. गळत असेल वरून.

फिटर: इंजिनच्या तेलाला असा वास नसतो. घ्या, तुम्हीच सांगा. मोगऱ्याचा की चमेलीचा?

ड्रायव्हर: मला सर्दी आहे.

फिटर: पोरी, बाहेर ये. हे हुंगून बघ.

लेक: आले. द्या इकडे. आप्पा, हे तुमचं तेल आहे. डोक्याचं.

ड्रायव्हर: जगात तेवढं एकच तेल आहे का?

लेक: महिन्याला एक बाटली मीच आणते. आणि दर वेळी दुकानातून येताना मला प्रश्न पडायचा, की ह्या डोक्यावर केस चार, आणि चारही कानामागे. बाटली संपते कशी? विचारायची लाज वाटली. म्हटलं, असते म्हाताऱ्या माणसाला आवड.

फिटर: व्याही?

ड्रायव्हर: रबराला तेल चांगलं असतं.

फिटर: कुणी सांगितलं? रबराने तेल प्यायलं की ते फुगतं. फट बुजते, चार दिवस गाडी गप्प. मग तेच रबर आतून कुजतं. पुन्हा तेल, पुन्हा गप्प. तुम्ही औषध देत नव्हता, तोंड दाबत होता. जन्म गेला तुमचा चाकावर, आणि हे तुम्हाला माहीत नाही असं मला सांगू नका.

ड्रायव्हर: माहीत होतं.

लेक: काय म्हणालात?

ड्रायव्हर: माहीत होतं म्हटलं. आता जोरात बोलायला लावू नका. सकाळी झाडांना पाणी घालायला उतरायचो. चाक पूर्ण वळवून आत हात घालायचो, औषधाच्या पिचकारीत तेल भरून. एकदा पाठीत उसण भरली, तर गुलाबाने भरली म्हणून सांगितलं.

लेक: आणि मग मला शेजारी बसवायचात. मुलाला मागे. आणि विचारायचात, कुठाय आवाज? ऐकव बघू.

ड्रायव्हर: त्याने बजावून ठेवलं होतं, सूनबाई. म्हणाला, आप्पा, ही गाडी आता फक्त तुमच्या हट्टावर चालतेय. ज्या दिवशी पहिला आवाज येईल, त्या दिवशी भंगारात. तो बोलतो ते करतो. मागे माझी सायकल अशीच नेली. मी झोपेतून उठतोय तर भिंतीला नुसता टायरचा डाग.

फिटर: म्हणून तुम्ही माझ्या मुलीला खोटं पाडलंत.

ड्रायव्हर: मी गाडी वाचवत होतो.

लेक: गाडी वाचली, आप्पा. गेल्या आठवड्यात तुमच्या चिरंजीवांनी काय ठरवलं, तुम्हाला माहीत आहे. बाबांना नाही. सांगू?

ड्रायव्हर: राहू दे ना आता.

लेक: कान ठणठणीत आहेत, म्हणजे मनाचं असेल, म्हणाले. सोमवारचा नंबर लावलाय. डोक्याच्या डॉक्टरकडे. तुम्ही तिथेच बसला होतात. पेपर वाचत. डोक्याचं तेल गाडीला घातलंत तुम्ही, आणि डोकं तपासायला निघाले माझं.

फिटर: व्याही, स्टुलावरून उठा.

ड्रायव्हर: मारताय का काय?

फिटर: स्टुलाखालच्या डब्यात नवीन बुश आहेत. ते द्या. माझ्या हाताला काम असू दे, तेच तुमच्या हिताचं आहे.

लेक: बाबा, तुम्ही कुणावर चिडताय? मी तुम्हालाही फोन केला होता.

फिटर: मला?

लेक: तुम्हालाच. म्हटलं, गाडी पुढून कुरकुरतेय, येऊन बघता का? तुम्ही म्हणालात, तुझे सासरे जन्माचे ड्रायव्हर आहेत, त्यांना कळतं. आणि सासरी अशी कुरकुर करत राहू नये माणसाने. गाडीची कुरकुर सांगायला फोन केला, तुम्ही ती माझी करून टाकलीत. आठवतंय?

फिटर: मला वाटलं, मध्ये पडलो तर...

लेक: व्याह्यांना काय वाटेल. हो ना? मग आता पडा गाडीखाली.

ड्रायव्हर: घ्या व्याही, हे नवीन. चांगलं आहे. वासही नाही. तेल लावून देऊ का? म्हणजे, बसवायला सोपं...

फिटर: साबणाचं पाणी लावायचं. तेलाची बाटली ह्या शेडमध्ये दिसली तर तुम्हाला त्यात बुडवीन.

लेक: आप्पा, कपडा घ्या, ती दांडी पुसा. वास जाईपर्यंत.

ड्रायव्हर: मी?

लेक: तुम्हीच. पिचकारी घालायला हात पोचत होता, पुसायलाही पोचेल.

ड्रायव्हर: पुसतो. पुसतो बाबा. एवढं तर आमच्या डेपो मॅनेजरनेही कधी... बरं, नाही सांगत.

फिटर: बसलं. बोल्ट हाताने लावून ठेवलेत. आता गाडी उतरवतो.

ड्रायव्हर: आवळून टाका की इथेच, एकदाच काय ते.

फिटर: लटकत्या चाकांवर आवळलं की रबराला कायमचा पीळ राहतो, लवकर फाटतं. चाकं जमिनीला टेकली, गाडीचं वजन तिच्यावर पडलं, की मग आवळायचं. सगळं तुम्हाला माहीत आहे हो. नुसतं करायचं नसतं.

लेक: उतरली. वजन पडलंय, बाबा.

फिटर: हं. हा एक. हा दोन. झालं. व्याही, पुढून दाबा बघू गाडी. जोर लावा, झोका द्या. काय ऐकू येतंय?

ड्रायव्हर: काही नाही.

फिटर: पुन्हा दाबा.

ड्रायव्हर: काही नाही म्हटलं ना. लोण्यासारखी हलतेय.

लेक: आणि आधी?

ड्रायव्हर: आधीचं कशाला आता? झालं ना काम. किल्ली द्या, बसा मागे, गप्पा मारत जाऊ. रस्त्यात तुम्हाला त्या वाघाची गोष्ट सांगतो, जो माझ्या बसमध्ये पास काढून...

लेक: आप्पा, मी येत नाहीये.

ड्रायव्हर: असं काय करता? तो वाट बघतोय.

लेक: बघू दे. मला कामावर जायला गाडी लागते, ती इथेच राहील. आणि इथून पुढे ती भंगारात जायची की रस्त्यावर राहायची, ते चालवणारी ठरवेल. तुम्ही बसने जा.

ड्रायव्हर: मी? बसने? मागच्या सीटवर? सूनबाई, माझ्या हाताखाली शिकलेलं पोर चालवत असेल ती बस. काय म्हणेल ते?

फिटर: गाडी सुटणार कधी, असं विचारू नका म्हणजे झालं.

लेक: जायच्या आधी फोन लावा. तुमच्या मुलाला. इथे, माझ्यासमोर.

ड्रायव्हर: घरी गेल्यावर सांगतो ना नीट, समजावून.

लेक: घरी गेल्यावर तुम्ही गोष्ट सांगाल. तिच्यात वाघ येईल. लावा फोन.

ड्रायव्हर: लावतो. वाजतोय. हॅलो, हं, मीच. अरे, एक गंमत ऐक, आमच्या डेपोत एकदा...

लेक: आप्पा.

ड्रायव्हर: बरं, डेपो राहू दे. अरे, गाडीला आवाज होता. होता रे. पहिल्यापासून. नाही, तिच्या कानात नाही, गाडीत. मला कसं माहीत म्हणजे? मीच बंद करायचो. तेल घालून. कुठलं तेल काय विचारतोस, घरात होतं ते. डोक्याचं. हो, माझ्या. सोमवारचा नंबर काढून टाक तो. काढून टाक म्हणतो ना, मी सांगतोय. काय? अरे, ऐक तरी.

फिटर: काय म्हणतायत?

ड्रायव्हर: काही नाही. हसतोय.

लेक: हसू दे. हसून झालं की सांगा त्यांना, मला इथे ऐकू आलं.