सोलांजचं वाक्य

अमेरिकेतल्या स्टेट कॉलेज नावाच्या गावी, विद्यापीठाच्या बसमध्ये कित्येक दिवसांनी मराठी कानावर पडलं, तसा अनीशने मोबाइल खिशात ठेवला. पुढच्या सीटवर एक मुलगी आणि पुण्याहून तिला भेटायला आलेली आई बोलत होत्या.

“गिरिजा, पीएचडी सोडून माझ्याबरोबर घरी येतेयस ना? मग अजून त्या फ्रेंच बाईचं काय वाचत बसतेस?”

“सोलांज सुटत नाही गं, आई. पन्नासच्या दशकात किती सिनेमे लिहिले तिने! पण लेखिका म्हणून पडद्यावर नाव एकाच सिनेमात आलं.”

“मग पुढे?”

“गावी जाऊन शाळेत शिकवायला लागली. तिचा सिनेमा आला की एकटी जाऊन बसायची. तिच्या भाचीने सांगितलं मला, पडद्यावर संवाद सुरू झाले की अंधारात मावशीचे ओठ हलायचे.”

“आणि ते तिनेच लिहिलंय हे कोणाला कळायचं नाही?”

“कोणालाच नाही.”

“एखादं वाक्य सांग ना तिचं. मराठीत.”

“घर सोडताना मुलगी म्हणते, ‘दिवा मालवू नका. मी आले नाही, तरी लांबून घर दिसत राहील.’”

बाहेर बर्फ भुरभुरत होता. आईने बाहीने काचेवरची वाफ पुसली.

“तुझं तिकीट कॅन्सल कर, गिरिजा. मी जाते एकटी.”

मुलीने आईच्या खांद्यावर डोकं टेकलं.