बियांची पुरचुंडी

…आणि वर म्हणतात कशा, "सोप्पं असतं गं, त्यात काय एवढं!" तुम्हाला सांगते, हे वाक्य ऐकलं ना की माझं डोकंच फिरतं! कोण म्हणजे काय, आमच्या थोरल्या जाऊबाई! राहतात वरच्या मजल्यावर, आणि दर वर्षी संत्र्या-गाजराच्या मार्मलेडची बाटली खाली धाडतात, की झालं! आमचे हे महिनाभर पावाला चोपडून खाणार आणि महिनाभर मला ऐकवणार, "वहिनीच्या हाताला काय चव आहे!" म्हणजे माझे हात काय भाड्याचे आहेत?

एकदा, आयुष्यात एकदाच यांच्या तोंडून माझं कौतुक ऐकायचं होतं हो! म्हणून गेले वर, गिळला अपमान, विचारली कृती. "सालं बारीक चिरायची, गाजर किसायचं, साखर घालून आटवायचं… त्यात काय एवढं!"

काय एवढं? सकाळपासून सालं चिरतेय, बोटावरच्या चिरेत रस झोंबतोय, दोन तास ढवळून खांदा गळून पडलाय, आणि गार ताटलीत थेंब टाकून बघते तर काय… पळतोय! सरबत हो, निव्वळ सरबत!

तेवढ्यात जाऊबाई हजर. वासावरच आल्या असणार! पातेल्यात डोकावल्या, गालातल्या गालात हसल्या. "अगंबाई, बिया कुठंयत? फडक्यात बांधून त्यातच सोडायच्या असतात, त्यांनीच तर घट्ट होतं! सांगितलं नाही का मी? विसरले बघ." विसरल्या? सतरा वर्षांपूर्वी माझ्या हातून फुटलेली कपबशी या बाईला बशीवरच्या नक्षीसकट आठवते, आणि बिया विसरल्या?

मग काय, कचऱ्याच्या डब्यात कोपरापर्यंत हात! चहाच्या चोथ्यातून एकेक बी वेचली, तीन पाण्यांनी धुतली, यांच्या रुमालात पुरचुंडी बांधून सोडली पातेल्यात… त्यात काय एवढं! म्हटलं, आता घट्ट झाल्याशिवाय गॅस बंद करणार नाही. नाहीच केला! झालं घट्ट. इतकं घट्ट, की डाव आत उभा राहिला, आणि ओढायला गेले तर पातेलंच वर आलं!

आणि सकाळी मी तोऱ्यात सांगून बसलेली, "आज माझ्या हातचं खाऊन बघा!" हे येणार पाच मिनिटांत. पातेलं ढकललं पलंगाखाली, कपाटातून जाऊबाईंचीच यंदाची बाटली काढली, वाटीत ओतली, ठेवली यांच्यापुढे. यांनी घास घेतला, डोळे मिटले, घास चावला… चावला… आणि म्हणाले, "बरं झालंय. पण वहिनीच्या हाताची सर नाही."

आता बोला! खरं सांगावं, तर पलंगाखालचं पातेलं दाखवावं लागतंय. म्हणून मीच, या माझ्या तोंडानं म्हणाले, "खरंय हो… जाऊबाईंची सर मला कुठली यायला!"