एक पट्टी खाली

घशाच्या डॉक्टरांकडे शाळेतून निवृत्त झालेल्या एक बाई नंबरची वाट बघत डोळे मिटून बसल्या होत्या. शेजारी एक जॅझ गायिका आणि तिला पियानोची साथ करणारा थोरला भाऊ कुजबुजत होते.

“दादा, मी सांगणार, वरचा सूर अजून लागतो. कालच्या कार्यक्रमात लागला की!”

“चिमणे, खरं सांग त्यांना. वर्षभर त्या सुराचं गाणं मी एक पट्टी खाली वाजवतोय.”

“ठाऊक आहे.”

“कधीपासून?”

“पहिल्या दिवसापासून. गाणं मीच बांधलंय ना, लबाडा!”

“मग बोलली का नाहीस?”

“झोपलेलं लेकरू खांद्यावरून गादीवर ठेवावं, तसं अलगद उतरवलंस तू. जागं व्हावंसंच वाटेना.”

“आणि आता?”

“खरं सांगितलं, आणि ते म्हणाले गाणं बंद करा, तर?”

“तर मी त्यांनाच पियानोवर बसवीन. सांग तू.”

“सांगते. पण आधी हे ऐक. नवी चाल आहे, उरलाय तेवढ्या आवाजात बसणारी.”

ती गुणगुणू लागली. खोलीतला खोकलासुद्धा थांबला.

“अकरा नंबर!” आतून हाक आली. “अकरा नंबर कोण आहे?”

अकराची चिठ्ठी मुठीत धरून बाई तशाच डोळे मिटून बसून राहिल्या.