पाहुण्याला सोडायला

मामा : इंजिन बंद कशाला करू? आपला डॉल्फिन आवाज ऐकत बोटीला चिकटून पोहतोय.

भाची : म्हणूनच बंद करायचं, मामा. समोर बघ, डॉल्फिनचा अख्खा कळप आहे. एवढ्या लांब आलो ते कशासाठी?

मामा : हा सकाळपासूनचा तिसरा कळप. आधीचे दोन गेले निघून. ह्याला कोण विचारतंय?

भाची : ह्यानेच ढुंकून बघितलं नाही त्यांच्याकडे. इंजिनाची घरघर त्याला सोबत वाटते. बंदरात दिसेल त्या बोटीमागे लागतो. परवा कुणाच्या तरी बोटीच्या पंख्याने पाठ फाडली त्याची. जनावरांची डॉक्टर असून मला काही करता आलं नाही. पुढच्या वेळी जिवावर बेतेल.

मामा : माझ्या पंख्याने नाही फाडली.

भाची : नाही. पण जाळं शिवत बसतोस तेव्हा त्याच्यासाठी इंजिन नुसतं चालू ठेवतोस ना? सवय तूच लावलीस.

मामा : एकटा होता गं. तुझी मामी गेल्यापासून मी तरी कुणाशी बोलतो? 'काय पाहुणे, जेवलात का' म्हटलं की डोकं वर काढायचा.

भाची : माहीत आहे मला.

मामा : लहानपणापासून अशीच हट्टी तू.

भाची : तुझ्यावर गेलेय. कर बंद.

मामा : आणि परत जाताना?

भाची : वल्ही मारायची. बंदर येईपर्यंत इंजिनाला हात लावायचा नाही.

मामा : खांदे कामातून जातील माझे.

भाची : मी आहे ना.

(इंजिन बंद होतं.)

मामा : बघ, गोल गोल फिरतोय. शोधतोय. धडका देतोय बोटीला. मला नाही बघवत. क्षणभर चालू करतो, फक्त एकदा.

भाची : मामा, हात काढ.

मामा : जीव कासावीस झालाय त्याचा.

भाची : तुझाही झालाय. थोडा धीर धर. कळपातली एक इकडे वळलीय.

मामा : खरंच?

भाची : त्याच्या बाजूला आली. अंगाला अंग लावून पोहतेय.

मामा : आणि तो?

भाची : आधी बिचकला. आता चाललाय तिच्याबरोबर. अरे, बघ की. तोंड काय फिरवतोस?

मामा : वल्हं दे इकडे.

भाची : हळू मार. दमलास की सांग, थांबू.

मामा : थांबायचं नाही. तू नुसती बोलत राहा. काहीही चालेल.