मुकी बस

नाही हो ताई, लॅपटॉप ठणठणीत आहे, त्याला काही झालेलं नाही. तुम्ही आधी बसा — ते स्टूल ओढा इकडे, अशा अवघडलेल्या उभ्या नका राहू, मला बघूनच दम लागतोय — हां. आणि काय होतंय ते आता तुम्ही सांगू नका, मीच सांगते. गेममधली बस चालू होते, दार उघडतं, लोक चढतात, वायपर तर झकास फिरतात, पण थांबा आला की बस बोलत नाही. पुढचा थांबा कुठला, काही नाही. मुकी. बरोबर? मग! आणि तुमच्या यजमानांनी गेम काढून पुन्हा टाकला असेल, दोनदा तरी. टाकणारच. ज्यांना आत डोकावायचा कंटाळा असतो ना, ते सगळं पाडून नव्याने बांधतात — आणि मग तेच भोक पुन्हा तिथेच.

गेमचा दोष नाही, मॉडचा आहे. मॉड माहीत आहे ना? गेममध्ये जे मुळात नसतं ते बाहेरून आणून आत बसवायचं. मूळ गेममध्ये कुठलीतरी गुळगुळीत परकी शहरं असतात, मग लोक आपापली गल्ली तयार करतात, आपली बस, आपले खड्डे, आणि सगळं दाबून एका झिपमध्ये भरतात. गच्च भरलेली ट्रंक समजा. ट्रंक उघडायची आणि सामान त्या-त्या खोलीत मांडायचं, एवढंच काम. पण लोक ट्रंकच्या आत ट्रंक, तिच्या आत ट्रंक असं ठेवून देतात — गेम बिचारा पहिलं झाकण उघडतो, त्याला सामान दिसत नाही, तो परत जातो. नाहीतर अँटीव्हायरस एखादी फाइल मध्येच गिळतो. रोज हेच बघते मी. तुमच्या इथे मात्र तसं काही नाही, सगळं जागच्या जागी आहे. हे बघा — हा आवाजांचा फोल्डर, हे थांबे, एकेका थांब्याची एकेक फाइल. लावू? ऐका. काही नाही. ही दुसरी — काही नाही. आवाज पूर्ण वाढवलाय बरं का. रेघ पुढे सरकतेय, म्हणजे फाइल चालतेय, फक्त आत शांतता भरलीय. अशी फाइल आपोआप होत नाही, ताई. कोणीतरी बसून करावी लागते.

कोणी म्हणजे — मी.

दचकू नका. आणि ओढणीशी चाळा नका करू, मी तुम्हाला मघाशीच ओळखलंय. तुम्ही गिऱ्हाईक म्हणून आलात, मी म्हटलं चालू दे, बघू कुठवर जातं. विंडोजमध्ये ना, पहिल्यांदा ज्याने लॅपटॉप चालू केला त्याच्या नावाचा फोल्डर होतो, आणि वर कितीही रंगरंगोटी केली तरी आतलं ते नाव जात नाही. हे काय लिहिलंय? लाटसाहेब. अख्ख्या दुनियेत हे नाव एकाच माणसाला होतं. बाबा हाक मारायचे त्याला, लाटसाहेब, उठा, पाणी तापलंय — टोमणा होता तो, पण त्याला वाटायचं कौतुक. बसा हो, उठू नका. वहिनी म्हणायला हवं ना तुम्हाला? लग्नाला मी आले नव्हते. बोलावणं होतं. नाही आले.

त्याने काय सांगितलंय तुम्हाला? बहीण तिरसट आहे? आहेच. पण का ते सांगितलं? नसेलच सांगितलं. ऐका मग, आलाच आहात तर. बाबा कंडक्टर होते, एकाच मार्गावर जन्म काढला त्यांनी. निवृत्त झाले आणि घरात नुसते खिडकीशी बसायला लागले. तेव्हा मी म्हटलं, बाबा, तुमचा मार्ग गेममध्ये करते. मी केला, वहिनी. दवाखान्याचं ते आंधळं वळण, बेकरीसमोरचा उंचवटा, पुलाखालचा अंधार — बाबा माझ्या शेजारी खुर्ची टाकून बसायचे, अगं इथे झाड होतं, इथे नाही, मागे घे, मागे घे, अजून मागे. डोळे फुटायची वेळ आली माझी. आणि दादा काय करायचा? आवाज. घुमू नये म्हणून बाबांना कपाटाशी बसवून डोक्यावर गोधडी टाकायचा, आणि बाबा आत घामाघूम होऊन ओरडायचे, आत सरका, आत सरका, आत खूप जागा आहे! आम्ही बाहेर हसून लोळायचो. — तेवढं काम त्याने केलं, नाही म्हणत नाही मी. खोटं कशाला बोलू.

मग बाबा गेले. आणि लाटसाहेबांनी मॉड जगासमोर मांडला. माझ्याशी एक शब्द नाही. वर नाव कोणाचं? त्याचं. एकट्याचं. खाली बारीक अक्षरात — चाचणी केल्याबद्दल बहिणीचे आभार. चाचणी! मी त्या रस्त्याचा दगडन् दगड लावला आणि मी चाचणी केली! आणि खरी गंमत पुढेच आहे. बस चालवून बघितली मी, थांबा आला, आणि बोललं कोण? हा! बाबांचा आवाज काढून स्वतःचा घातलेला, गोड-गोड, बातम्या वाचल्यासारखा. म्हटलं, हे काय रे? तर म्हणतो, बाबांचा खरखरतो गं, लोकांना कळणार नाही. घरच्या लॅपटॉपवरच्या बसमध्ये ठेवलाय ना बाबांचाच, ती आपल्यापुरती. — आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हाच. लोक घरी येऊन त्याची पाठ थोपटायचे, पोराने बापाला जिवंत ठेवलं हो. मी पाण्याचे पेले फिरवत होते. माझ्या डोक्यात त्या दिवशी जे गेलं ना वहिनी, ते अजून तिथेच आहे. बोलणं बंद केलं मी. आणि ठरवलं, की जे तू लोकांपासून काढलंस ते मी तुझ्यापासून काढते.

कसं केलं? सोपं. माझा भाऊ आहे तो, त्याच्या खोडी माझ्याइतक्या कोणाला माहीत? झिप उघडताना विंडोज विचारतं, या नावाच्या फायली आधीच आहेत, बदलू का? शहाणा माणूस थांबतो, बघतो, जुन्याची एक प्रत बाजूला ठेवतो. हा नाही. हा लहानपणापासून न वाचता हो म्हणणारा. मी एक खोटा चाहता झाले. त्याला लिहिलं, साहेब, तुमचा मार्ग म्हणजे काय कमाल, फक्त पावसात वायपर अडकतात, मी दुरुस्त करून पाठवतो. हुरळला! आभाराचं लांबलचक उत्तर पाठवलं त्याने. मला ज्याने एका ओळीत गुंडाळलं, त्याने! आणि वायपर मी खरंच दुरुस्त केले हं, कामात खोट नाही ठेवत मी. फक्त त्याच झिपमध्ये थांब्यांच्या नावाच्या फायलीही ठेवल्या. नावं तीच, लांबी तीच, आत शांतता. विंडोजने विचारलं असेल, सगळ्या बदलू? आणि लाटसाहेबांनी — टक. बाबा गेले. दुसऱ्यांदा. या वेळी एकट्या त्याचे.

परत येतील का? नाही. पुसलेली फाइल कधीतरी सापडते, पण जिच्यावर दुसरी लिहिली ती गेली, आणि या नव्या प्रकारच्या डिस्कवर तर आशाच नको. रडू नका. तुमच्यावर माझा राग नाही. त्याच्यावर आहे, आणि तो पुरून उरेल एवढा आहे.

आणि हे बघा, माझ्याकडे आहेत बाबा. हो! इथे, माझ्या मशीनमध्ये. बाबांच्या आवाजाची मूळ झिप त्याने मलाच सांभाळायला दिली होती, त्याची त्याने जागा अडते म्हणून उडवली. मात्र तिला पासवर्ड त्याने घातलाय, कोणी चोरू नये म्हणून — चोराला चोराची भीती. म्हणजे पेटी माझ्याकडे, किल्ली त्याच्याकडे. इतकी वर्षं वाट बघतेय मी, की तो त्या दारातून आत येईल, या टेबलाशी वाकेल, आणि माझ्या देखत तो पासवर्ड टाकेल. मग मी ऐकेन. त्याच्यासमोर, शेवटच्या थांब्यापर्यंत. आणि त्याला प्रत देणार नाही. तुम्ही आता एवढंच करा — समोर पानाच्या टपरीपाशी गाडीवर तो बसलाय ना, हेल्मेट घालून, म्हणजे मी ओळखणार नाही असं वाटतंय त्याला — त्याला जाऊन सांगा, की पासवर्ड घेऊन...

काय?

विसरला? विसरला म्हणजे काय, वहिनी? असं कसं विसरेल? लिहून ठेवला असेल कुठेतरी. जुन्या फोनमध्ये बघितलं? — सगळे करून बघितले? त्याने? मीही बघितलेत हो, त्याची गाडी, त्याची शाळा, बाबांचा बिल्ला, उलटंसुलटं, सगळं... म्हणजे, एकदा सहज. रोज नाही काही. — हो, रोज. दुकान बंद करायच्या आधी. आता लपवून काय करू? कुलूपबंद झिप उघडत नाही, पण आतल्या फायलींची नावं दाखवते, आकार दाखवते. थांब्यांच्या फोल्डरबाहेर एक फाइल आहे, एकटीच. भिंगरी नावाची. बाबा मला भिंगरी म्हणायचे. तीनेक मिनिटांचं बोलणं असेल, आकारावरून कळतं. काय बोललेत माहीत नाही. दादाला विचारलं असतं तर... नाही विचारलं. मी कशाला विचारू? त्याने सांगायला नको?

आणि आता तुम्ही म्हणता किल्लीच नाही. म्हणजे थांबे त्याचेही गेले, माझेही गेले. मीच घालवले. आपल्याच हाताने — त्याच्यासाठी खणलेल्या खड्ड्यात आपणच, आणि वर कामात खोट नाही म्हणून मिरवतेय! हसा, वहिनी, हसायला हरकत नाही.

...थांबा. एक मिनिट थांबा. तो लॅपटॉप इकडे सरकवा.

मी रोज गिऱ्हाइकांना सांगते, वरून झिप उघडली की ज्या नावाची फाइल येते तीच बदलते, बाकीचं जसंच्या तसं राहतं. गेम काढला तरी मॉडचा फोल्डर डॉक्युमेंट्समध्ये तसाच राहतो. रोज सांगते! आणि शांतता भरताना मी सगळे थांबे घेतले, पण माझ्या नावाच्या फाइलला माझा हात लागला नव्हता. म्हणजे ती इथे... आवाज... थांबे नाही, त्याच्या बाहेर... आहे. आहे, वहिनी! आकारही तोच. इतका वेळ माझ्या टेबलावर पडलाय हा आणि मी बसलेय भाषण देत.

तुम्हाला माहीत होतं? याचसाठी आणलात? बस मुकी झाली हे निमित्त? — आणि त्याने हे ऐकलंय, होय ना. ऐकणारच. माझं नाव असलं तरी आधी तोच — काय म्हणालात? पहिलंच वाक्य? पहिलं वाक्य ऐकून बंद केलं? मग इतकी वर्षं...? का? असं काय आहे त्या वाक्यात?

बघते. मीच बघते. तुम्ही गप्प राहा जरा.

...

खोकले. तो बाबांचा खोकला आहे, गोधडीतला.

ऐकलंत? तुम्हीही ऐकलंत ना? 'भिंगरे, लाटसाहेब शेजारी बसलाय का? नसेल तर हे बंद कर, आधी त्याला बोलाव, मी दोघांना मिळून एकदाच सांगणार आहे.' — नाही, मी नाही बंद करणार. माझ्या नावाची आहे. त्याने मॉडवरून माझं नाव उडवलं तेव्हा मला बोलावलं होतं का? चालू दे. मी एकटी ऐक—

...

'अजून चालूच आहे ना? बंद कर म्हटलं ना, भिंगरे.'

केलं. केलं बंद.

काय बघताय माझ्याकडे? डोळ्यांत काही नाही माझ्या, दिवसभर स्क्रीन बघते मी. जा तुम्ही. हळू, पायरी उंच आहे. त्याला सांगा, माफ केलेलं नाही. रस्ता माझा आहे, तो नावासकट परत घेणार आहे मी, आणि वायपरवाल्या चाहत्याला जे लांबलचक लिहिलं होतं ना, ते माझ्या तोंडावर बोलायला लावणार आहे. आणि ते हेल्मेट काढून ये म्हणावं, मूर्खासारखं दिसतंय. तुम्हीही या परत, स्टूल तुमचंच आहे. दुसरं नाही दुकानात. त्याला उभं राहावं लागेल, म्हणावं.